पाणी लागलं तरी दोनच स्टार: खटावातला पाणाड्या, मशीनवाला आणि बोअरची गाडी

आधीच सांगून टाकते, पाणी लागलं. दोनशे दहा फुटांवर दीड इंच (बोअरचं पाणी इंचात मोजतात), आणि अजून टिकून आहे. त्यामुळं बोअर फेल गेलं म्हणून राग काढतेय असं कुणी म्हणू नका. तरीपण पाणाड्याला, म्हणजे नारळ घेऊन पाण्याची जागा दाखवणाऱ्याला, दोन स्टार आणि ज्याचा अंदाज सपशेल चुकला त्या मशीननं पाणी शोधणाऱ्याला साडेतीन. घरात यावरून माझ्याशी दोन दिवस कुणी धड बोललं नाही, म्हणून सगळं नीट लिहिते, लांबण लागेल, पण ज्यांना यंदा बोअर मारायचंय त्यांनी वाचाच, लाखभर रुपयांचा खेळ असतो हा.

आमचं शेत वडूजच्या अलीकडं, खटाव तालुका. मी राहते साताऱ्यात, पॅथॉलॉजी लॅबमध्ये टेक्निशियन आहे. बाहेरच्या लोकांना सातारा म्हटलं की कास पठार नाहीतर महाबळेश्वर आठवतं, पण त्याच जिल्ह्यात महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस आणि आमच्या खटाव-माणला पाचशेच्या आसपास, तोही मनात आलं तर. येरळा नदी आमच्याच तालुक्यात उगम पावते आणि उन्हाळ्यात तिच्या पात्रात पोरं क्रिकेट खेळतात. जुन्या विहिरीनं फेब्रुवारीतच तळ दाखवला, कांद्याचं शेवटचं पाणी हुकलं, आणि आबांनी म्हणजे सासऱ्यांनी जाहीर केलं की बोअर मारायचं. जागा कुणी दाखवायची यावर चर्चाच नव्हती. पाणाडे मामा. पंचक्रोशीत त्यांचंच नाव, खरं नाव इथं लिहीत नाही.

मामा आले सकाळी सातला, मोटरसायकलवर मागं बसून, पिशवीत सोललेला नारळ, शेंडी ठेवलेली. चहा घेतला, चप्पल काढली, नारळ उजव्या तळहातावर आडवा ठेवला, शेंडी बोटांकडं, आणि चालायला लागले. मी अगदी शेजारून चालत होते. बांधाच्या खालच्या कोपऱ्यावर, जिथं उंबर आहे, तिथं आले तसा नारळ शेंडीच्या बाजूनं उचलायला लागला, हळूहळू, आणि सरळ उभा राहिला. पोरांनी टाळ्या वाजवल्या. नारळ खरंच उभा राहतो बरं का, हे ज्यांनी पाहिलं नाही त्यांना सांगते, त्यात कुठलीही हातचलाखी मला दिसली नाही. पण अंगठ्याच्या बुडाशी जो मांसल उंचवटा असतो ना, तो नारळ उठायच्या आधी घट्ट होत होता, हे मी जवळून बघितलंय. मामांना ते कळत नसणार, याची मला खात्री आहे. विल्यम कार्पेंटर नावाच्या इंग्रज डॉक्टरनं 1852 सालीच लिहून ठेवलंय की मनात अपेक्षा असली की स्नायू आपल्या नकळत हलतात, माणसाला मात्र वाटतं वस्तूच हलली. म्हणजे मामा लबाड नाहीत. मामांचा स्वभाव, वेळ पाळणं, बोलणं, सगळ्याला पाचपैकी पाच.

मग त्यांनी सांगितलं, "दीडशे ते अडीचशे फुटांत पाणी हाय. दोन इंच. न्हाईच लागलं तर अजून पन्नास जायचं, थांबायचं न्हाई." आता हे वाक्य परत एकदा वाचा. दीडशेला लागलं तरी बरोबर, अडीचशेला लागलं तरी बरोबर, तीनशेला लागलं तरी बरोबर, आणि तीनशेलाही नाही लागलं तर गाडीवाल्यानं आधी थांबवलं. हा माणूस चुकणार कसा? चुकायला वाटच ठेवलेली नाही.

मी विचारलं, मामा फेल गेलेली किती? "एक बी न्हाई. आवं पायाळू हाय मी, वर रक्त ओ पॉझिटिव्ह." (पायाळू म्हणजे जन्मताना आधी पाय बाहेर आलेला. आणि रक्तगटाचं मला सांगितलं, जिची अर्धी जिंदगी रक्तगट बघण्यात गेली. आपल्याकडं ओ पॉझिटिव्ह माणसं इतकी आहेत की तसं असतं तर गल्लीत चार पाणाडे निघाले असते.) आणि मग त्यांनी मोबाईल काढला. व्हिडिओवर व्हिडिओ. पांढरं फेसाळ पाणी केसिंगमधून, म्हणजे बोअरच्या तोंडाला बसवलेल्या पाइपातून, उसळतंय, पोरं भिजतायत, कुणी गुलाल उधळतंय, आबांचे डोळे चमकायला लागले. एकूण एक व्हिडिओ पाणी लागलेल्या बोअरचा.

मी तेव्हाच भावजींना म्हटलं की कोरड्या बोअरचा व्हिडिओ कोण काढतो? फ्रान्सिस बेकन नावाच्या इंग्रज माणसानं 1620 साली अगदी हीच गोष्ट सांगितलीय, आणि त्यानंही ती जुन्या लोकांकडूनच घेतलेली. एका माणसाला देवळात नेलं आणि भिंतीवरची चित्रं दाखवली, जहाज बुडताना नवस बोलले आणि वाचले अशा लोकांची. बघ, आता तरी मानतोस का देवाची शक्ती? तो म्हणाला, नवस बोलून बुडाले त्यांची चित्रं कुठायत? बेकन म्हणजे तोच, ज्यानं विज्ञान निरीक्षणावरून वर चढत नियमापर्यंत जावं असा आग्रह धरला, म्हणजे उदाहरणं गोळा करा आणि त्यातून सर्वसाधारण नियम काढा. त्या बेकनलाच आधी ही भीती होती की माणसाचं मन एकदा का एक मत धरून बसलं की सोयीची उदाहरणं टिपतं आणि गैरसोयीची सोडून देतं. चारशे वर्षं झाली आणि मामांच्या मोबाईलमध्ये तेच देऊळ.

बरं, दुसरी गोष्ट. शंभरातली सत्तर बोअर लागली असं समजू, म्हणजे उदाहरणादाखल, आकडा माझा. ऐकायला भारी वाटतं. पण त्याच गावात डोळे मिटून कुठंही गाडी लावली तर किती लागतात? तिथंही सत्तर लागत असतील तर नारळाची किंमत नारळाएवढीच. हा दुसरा आकडा कुणालाच माहीत नसतो आणि कुणी विचारतही नाही. आणि तो शून्य नक्कीच नाही, कारण आपल्या खाली दख्खनचा काळा पाषाण आहे, साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हा थरावर थर ओतला गेला तो. वर मुरूम, मग घट्ट कातळ, मध्ये कुठं भेगा, कुठं दोन थरांच्या मधला सांधा, कुठं लाल गेरूचा पट्टा. पाणी त्या मुरमात आणि भेगांत भरून राहतं. लोक म्हणतात तशी जमिनीखालून नदी वगैरे वाहत नाही. म्हणजे खोल गेलं की एखादी भेग सापडायची शक्यता बऱ्यापैकी असते, आणि तरीही वीस फुटांवरचं शेजारचं बोअर कोरडं ठणठणीत जाऊ शकतं. शितावरून भाताची परीक्षा जमते कारण सगळा भात एका पातेल्यात एका आचेवर शिजलेला असतो, खटावचा खडक तसा शिजलेला नाही. एका बोअरवरून शेजारच्या बोअरबद्दल बोलणं इथंच अवघड होतं.

आता फी. मामांची पद्धत अशी की पाणी लागलं तर अकराशे, नाही लागलं तर एक रुपया नको. आबा याच गोष्टीवर फिदा. "बघ, किती विश्वास हाय त्यांचा सोतावर!" मला उलटं वाटतं. ज्याला हरल्यावर खिशातलं काही द्यावं लागत नाही, त्याला हरलेलं लक्षात ठेवायचं कारणच उरत नाही. जिंकल्यावर पाकीट मिळतं, फेटा मिळतो, व्हिडिओ मिळतो. हरल्यावर तो दिवस कुठंच लिहिला जात नाही.

मग लिहिलेला कुठं असतो? गाडीवाल्याकडं! हे या सगळ्या प्रकरणातलं मला सापडलेलं खरं सोनं. गाडी आली संध्याकाळी, तमिळनाडूकडची पोरं, मोडकं हिंदी आणि त्याहून मोडकं मराठी, आणि त्यांचा जो मुकादम होता त्याच्याकडं एक लांबट वही. प्रत्येक बोअर त्यात. तारीख, गाव, किती फूट, केसिंग किती, पाणी किती फुटांवर, किती इंच. आणि बऱ्याच ओळींपुढं फक्त "ड्राय". त्याला फुटावर पैसे मिळतात, पाणी लागो न लागो, म्हणून कोरडं बोअर त्याच्या वहीत तेवढ्याच स्वच्छ अक्षरात आहे. ज्याला फेल गेलेल्याचेही पैसे मिळतात त्याच्याच वहीत फेल गेलेले सापडतात. मी चहा देऊन वही मागितली, त्यानं खुशाल दिली. आमच्या भागातली पानं चाळली तर पाणी लागलेली जास्त होती, पण ड्राय इतकीही कमी नव्हती की "एक बी न्हाई" कुणी म्हणावं, आणि त्यातली दोन तर आबांनी शेताच्या नावावरून ओळखली, तिथं मामांनीच जागा दाखवलेली. आबा म्हणाले, "तिथं त्यांनी कमी फूट मारलं असंल." वहीत फूट लिहिलेलं होतं. साडेतीनशे. त्या वहीत एकच रकाना कमी होता, जागा कुणी दाखवली. तो रकाना घातला तर दोन वर्षांत आपल्या तालुक्यातला हा वादच मिटेल. वहीला पाचपैकी पाच.

आता थोडं मागं जाते. नारळ उभा राहिल्यावर मी मामांना विचारलं होतं की डोळ्याला टॉवेल बांधून परत एकदा चालाल का? लॅबमध्ये सकाळी पहिलं पेशंटचं सॅम्पल लावायच्या आधी आम्ही कंट्रोल लावतो, म्हणजे ज्याचं उत्तर आधीच माहीत आहे असं सॅम्पल, मशीन ते बरोबर सांगतंय का बघायला. ते चुकलं तर त्या दिवशी मशीन चाळीस पेशंटचे कितीही सुंदर आकडे देऊ दे, आम्ही रिपोर्ट सोडत नाही. तीच खोड. आबा रागावले, "देवाच्या माणसाची परीक्षा बघत्यात का कुठं." पण मामा हसले आणि तयार झाले, याचे मार्क त्यांना द्यायलाच हवेत, भलेभले तयार होत नाहीत. जावेच्या पोरानं हात धरला, सुरुवात वेगळ्या कोपऱ्यातून, आधी गोल फिरवलं, आणि जिथं नारळ उठेल तिथं चुन्याची फक्की टाकायची. फक्की पडली सगळीकडं. एक गोठ्याच्या दारात, एक रस्त्याच्या कडेला, उंबराच्या कोपऱ्यात एकही नाही. मामा म्हणाले, "डोळं बांधलं की नाडी बंद होती."

हे उत्तर मला लबाडीचं वाटलं नाही, उलट फार मोलाचं वाटलं. आणि इथं मला आठवलं आपल्याकडचं न्यायशास्त्र, कोर्टाचं नव्हे, जुनं तर्काचं. आपल्याच जिल्ह्यात वाई आहे, तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींची वाई, मराठी विश्वकोश जिथून निघाला ती. तर न्यायशास्त्रात नेहमीचं उदाहरण, डोंगरावर धूर दिसतोय म्हणजे तिथं आग आहे, कारण जिथं जिथं धूर तिथं तिथं आग, चुलीवर बघितलंय. या "जिथं जिथं तिथं तिथं"ला ते व्याप्ती म्हणतात. पण उलटं चालत नाही. जिथं आग तिथं धूर असं म्हणाल तर लोखंडाचा तापलेला गोळा घ्या, आग आहे, धूर नाही. धूर येतो तो सरपण ओलं असलं तर. त्या ओल्या सरपणाला ते उपाधी म्हणतात, म्हणजे दोन गोष्टी सोबत दिसतायत पण मध्ये तिसरीच गुपचूप काम करतेय. आणि चार्वाकाचे लोक तर पुढं जाऊन विचारायचे, आजवरची आणि पुढची सगळी चुली-डोंगर बघून कोण आलंय, की तुम्ही "जिथं जिथं" म्हणताय? म्हणजे डेव्हिड ह्यूम या स्कॉटिश तत्त्वज्ञानं अठराव्या शतकात, 1739 च्या सुमाराला, जो प्रश्न मांडला की आजवर घडलं म्हणून उद्या घडेलच याला तर्काचा आधार काय, तो आपल्याकडं शेकडो वर्षं आधी विचारून झाला होता. असो, भावजींना इथं जांभई आली.

पण मामांना लावून बघा. नारळ उभा आणि खाली पाणी, यात ओलं सरपण कुठलं? मामांचे डोळे! पन्नासएक वर्षं माणूस रानं तुडवतोय, उताराची खालची बाजू, उंबर, बांधाकडची हिरवट पट्टी, मातीचा रंग, हे सगळं तो बघतोच, त्याला सांगता येत नसेल पण हाताला कळतं, आणि नारळ उठतो. टॉवेल बांधला की सरपण वाळलं. माझं स्पष्ट मत आहे की मामांनी नारळ घरी ठेवून नुसतं शेत फिरून जागा सांगितली तरी तेवढीच बरोबर येईल, आणि मग त्यांना शिकताही येईल, कारण उंबर आणि उतार यावर बोलता येतं, नारळावर काय बोलणार?

याची मोठी परीक्षा जर्मनीत झालेली आहे. 1987-88 मध्ये म्युनिकजवळ एका दोन मजली कोठारात. खालच्या मजल्यावर पाण्याचा पाइप दहा मीटरच्या पट्ट्यात कुठंही सरकवायचा, वरच्या मजल्यावर पाणाड्यानं काठी घेऊन सांगायचं पाइप कुठं. पाचशेच्या आसपास लोकांतून निवडून 43 जण घेतले, 843 चाचण्या. निष्कर्ष काढणारे म्हणाले की बहुतेकांना काही जमलं नाही, पण पाच-सहा जणांकडं खरंच काहीतरी शक्ती दिसते. पेपरात बातम्या आल्या. मग जिम एनराइट नावाच्या अमेरिकन शास्त्रज्ञानं तेच आकडे घेतले आणि म्हणाला, थांबा, इतक्या लोकांनी इतक्यांदा अंदाज मारल्यावर नशिबानं पाच-सहा जण वर दिसणारच, परीक्षा झाल्यावर पहिले आलेले निवडून त्यांना हुशार म्हणायचं याला काय अर्थ? आणि त्या वरच्यांनासुद्धा दुसऱ्या खेपेला तेच परत जमलं नाही. दरवेळी डोळे झाकून पट्ट्याच्या मधोमध बोट ठेवलं असतं तरी जवळपास तसाच निकाल आला असता. आकडे तेच, एकाला शक्ती दिसली आणि एकाला कावळा बसायला आणि फांदी तुटायला. गावात नेमकं हेच होतं फक्त मोजणारं कुणी नसतं, वीस पाणाड्यांतला एक लागोपाठ आठ-दहा बोअर लागून गाजतो आणि बाकीचे गवंडीकामाला जातात.

हां, मशीनवाला. त्याला मी साताऱ्याहून बोलावला, आबांच्या नाकावर टिच्चून. फी दोन हजार, पाणी लागो न लागो, आगाऊ. आबांनी तिथंच कपाळाला हात लावला. त्यानं चार लोखंडी सळया एका रेषेत ठोकल्या, बाहेरच्या दोघींतून करंट सोडायचा, आतल्या दोघींत व्होल्टेज मोजायचं, मग सळया लांब लांब नेत जायच्या, जितकं अंतर जास्त तितका करंट खोल जातो. ही पद्धत काही नवी नाही, कॉनराड श्लुंबर्जे नावाच्या फ्रेंच माणसानं 1912 च्या सुमाराला जमिनीत करंट सोडून बघितला, त्यातूनच ती पुढं आली. कोरडा घट्ट कातळ करंटला अडवतो, पाणी भरलेला फुटका खडक कमी अडवतो. एवढंच तत्त्व. त्यानं आलेख काढला आणि कागदावर लिहून दिलं, सहीसकट: वरच्या तुकड्यात मारू नका. उंबराच्या कोपऱ्याजवळ, मामांच्या जागेपासून आठ-दहा पावलांवर, मारा. पाणी 110 ते 130 फुटांत. 200 च्या खाली जाऊ नका, पैसे वाया जातील.

काय सुंदर कागद! प्रत्येक ओळ चुकू शकते अशी. कार्ल पॉपर नावाच्या तत्त्वज्ञानं व्हिएन्नात 1934 मध्ये पुस्तक लिहून जे सांगितलं ते हेच, की हजार उदाहरणं जमवून नियम सिद्ध होत नाही, पण एक विरुद्ध उदाहरण त्याला पाडू शकतं, म्हणून जो दावा आधीच सांगतो की मी कशानं खोटा ठरेन, तोच विज्ञानाच्या दारात उभा राहू शकतो. मशीन आहे म्हणून विज्ञान, असं मात्र नाही हं. हल्ली मोबाईलएवढं डबडं घेऊन "थ्री-डी स्कॅन" करून देणारे फिरतात, स्क्रीनवर निळं-लाल चित्र, आणि तोंडी तेच, दीडशे ते तीनशे. तो नारळच झाला, फक्त चार्जिंगचा.

आबांनी अर्थातच मामांची जागा धरली. गाडी लागली, रात्रभर धडधड, सगळं शेत पांढऱ्या भुकटीनं माखलं. गाडीवरचं पोरगं दर दहा फुटांना भुकटीची मूठभर ढिगुळी ओळीनं मांडत होतं, मला ते फार आवडलं. मुरूम पिवळा, मग राखाडी, मग काळी. एकशे वीसच्या आसपास भुकटी एकदम लाल झाली, कुंकवासारखी. गेरूचा थर. पण पाणी नाही. एकशे तीस गेलं, मशीनवाल्याचा कागद खोटा. दोनशे गेलं, कोरडंच. कागदाप्रमाणं इथं थांबायचं होतं. आबांनी माझ्याकडं बघितलं आणि मुकादमाला म्हणाले, चालू दे. दोनशे दहाला धूळ बसली, मग चिखल, मग पाणी. फटाके वाजले. मामांना फोन गेला, अकराशेच्या जागी एकवीसशे आणि फेटा.

म्हणजे मशीनवाल्याचं ऐकलं असतं तर दहा फूट अलीकडं थांबून आम्ही कपाळ बडवत बसलो असतो. मग साडेतीन स्टार कशाला? कारण दुसऱ्या दिवशी तो स्वतः आला, न बोलावता. त्या ढिगुळ्या बघितल्या, लाल भुकटी बोटांनी चोळली, आपला कागद काढला आणि म्हणाला, "ताई, 110 ते 130 ला जे कमी रीडिंग आलं ना ते पाणी नव्हतंच, ही गेरूची चिकट माती होती, ती पण करंट सोडते." थर बरोबर पकडला होता त्याच्या मशीननं, त्यावरून काढलेलं अनुमान चुकलं. परत तेच ओलं सरपण! कमी रीडिंग म्हणजे पाणी, पण मध्ये चिकणमाती येऊ शकते. त्यानं फायलीत लिहून घेतलं, या पट्ट्यात या खोलीला गेरू, पुढच्या वेळी धरायचं. त्याची चूक आता त्याच्या पुढच्या गिऱ्हाइकाच्या कामाची आहे. मामांचं यश कुणाच्या काय कामाचं? उंबराच्या कोपऱ्यात पाणी लागलं, यातून मामांना, आम्हाला, शेजाऱ्यांना पुढच्या बोअरबद्दल काय कळलं? आठ-दहा पावलांवर मशीनवाल्याच्या जागी लागलं असतं का, माहीत नाही. वरच्या तुकड्यात, जिथं मशीनवाला नको म्हणाला, तिथं लागलं असतं का, तेही नाही. ते कळायला तिथंही भोक पाडावं लागेल आणि नकोशा जागी बोअर मारायला पैसे कोण देणार? बोलाफुलाला गाठ पडली की खरंच काही होतं, हे एका बोअरवरून ब्रह्मदेवालाही सांगता येणार नाही.

आबांचं म्हणणं एकच, "पाणी लागलं का न्हाई?" लागलं, आबा.

भावजींनी मग व्हॉट्सॲपवरचं काढलं, वराहमिहिरानं दीड हजार वर्षांपूर्वी जमिनीखालचं पाणी शोधायचं शास्त्र लिहिलंय, तू काय आम्हाला विज्ञान शिकवतेस. मी म्हटलं भावजी, ते तर माझ्या बाजूचं निघालं. त्याच्या बृहत्संहितेत दकार्गल नावाचा अध्याय आहे, त्यात लिहिलंय की जांभळाच्या झाडाच्या पूर्वेला जवळच वारूळ असेल तर त्या झाडाच्या दक्षिणेला दोन पुरुष खोल गोड पाणी लागेल. पुरुष म्हणजे हात वर करून उभ्या माणसाएवढं माप. झाड कुठलं, वारूळ कुठल्या बाजूला, पाणी कुठल्या बाजूला, किती खोल, चव कशी, सगळं सांगितलंय, वर खोदताना वाटेत काय लागेल तेही. बरोबर आहे की चूक हा पुढचा प्रश्न, पण खोदून बघितलं की कळतं. नारळाचा त्यात पत्ता नाही.

तर स्टार. पाणाडे मामा, दोन. एक डोळे बांधून घ्यायला तयार झाले म्हणून, एक रान वाचायच्या नजरेसाठी. मशीनवाला साडेतीन, अर्धा कापला कारण गेरूचा विचार त्यानं आधी करायला हवा होता, एक कापला कारण "पैसे वाया जातील" हे फार ठासून लिहिलं. बोअरची गाडी चार, काम चोख, पण धुळीनं शेजाऱ्याचा घेवडा पांढरा केला आणि त्यावरून आम्हालाच ऐकावं लागलं. कुणालाही बोलवा, फक्त गाडी यायच्या आधी त्याच्याकडून कागदावर तीन गोष्टी घ्या, किती फुटांत, किती इंच, आणि शेतात कुठं लागणार नाही. शेवटची सगळ्यात महत्त्वाची, तिथंच बहुतेक जण कच खातात. शक्य असलं तर तालुक्यातल्या जुन्या विहिरींची पाण्याची पातळी भूजल सर्वेक्षणवाल्यांकडं विचारा, त्यांच्या निरीक्षण विहिरी असतात. आणि मुकादमाला चहा पाजून वही बघा.

पुढच्या महिन्यात जावेच्या भावाकडं, पुसेगावच्या बाजूला बोअर आहे. मामांनाच बोलावलंय. मी फोन करून म्हटलं, मामा, ह्या वेळी फूट आणि इंच तेवढं कागदावर लिहून द्याल का, मी वहीत रकाना करते, लागलं की तुमचंच नाव होईल.

"लिहून द्यायला मी काय तलाठी हाय का पोरी," म्हणाले, आणि नारळ कुणी आणायचा ते विचारलं.